पार्श्वभूमी : मेटॅलिकाचा २००३ चा अल्बम आणि बारा ते चारचा नियम

मेटॅलिका या अमेरिकी हेवी मेटल बँडच्या ‘सेंट अँगर’ या अल्बमची हकिकत बहुतेक वेळा एकाच क्रमाने सांगितली जाते. गायक दारूच्या आहारी गेला, व्यसनमुक्ती केंद्रात राहून आला आणि मग बँडने मनात साठलेला संताप गाण्यांत ओतला. घटनांचा क्रम इतका सरळ नाही. अल्बमचे काम २००१ च्या एप्रिलमध्ये, म्हणजे गायक उपचारांसाठी जाण्याच्या काही महिने आधीच सुरू झाले होते. त्याही आधी, त्या वर्षीच्या जानेवारीत, चौदा वर्षे सोबत असलेला बेसवादक बँड सोडून गेला होता, आणि अल्बम प्रत्यक्ष बाजारात यायला २००३ चा जून उजाडला. या सव्वादोन वर्षांत बँडसमोर एकच प्रश्न दोन वेगवेगळ्या रूपांत उभा राहिला: गायक हजर नसताना या बँडमधील कोणी संगीत करावे की नाही? व्यसन आणि उपचार हा या अल्बमच्या जन्मकथेचा गाजलेला भाग आहे. पण अल्बम ज्या रूपात ऐकू येतो ते रूप त्याला या प्रश्नावरच्या भांडणामुळे आले, असे मानायला बरीच जागा आहे.

बँडच्या पहिल्या दशकाविषयी येथे एवढेच पुरे की सप्टेंबर १९८६ मध्ये स्वीडनमधील दौऱ्यात बस उलटून २४ वर्षांचा बेसवादक मरण पावला आणि सुमारे सहा आठवड्यांत नवा बेसवादक घेऊन बँड पुन्हा मंचावर उभा राहिला. शोकाला वेळ दिला गेला नाही. त्याचा राग कुठेतरी निघणारच होता आणि तो बराचसा नव्या माणसावर निघाला: त्याची थट्टा आणि छळ ही नित्याची गोष्ट झाली आणि १९८८ च्या अल्बमात त्याचा बेस जवळजवळ ऐकूच येणार नाही इतका दाबला गेला. गाणी रचण्याचा शिरस्ता तेव्हाही ठरलेला होता. रिफ, म्हणजे गाण्यात पुन्हा पुन्हा येणारे गिटारचे छोटे तुकडे, कोणीही आणावेत, पण काय राहील आणि काय जाईल हे गायक आणि ड्रमर या दोघांनी ठरवावे. १९९१ च्या अल्बमने बँडला जगभर पोहोचवले आणि कोट्यवधी प्रती खपल्या, त्यामुळे या दोघांच्या सत्तेला कोणी हात लावण्याचा प्रश्नच उरला नाही.

२००० हे वर्ष बँडच्या प्रतिमेला महागात पडले. एक अपूर्ण गाणे इंटरनेटवरील फाइल-वाटपाच्या सेवेतून फुटून रेडिओवर वाजू लागल्यावर बँडने त्या सेवेवर दावा ठोकला, आणि मे महिन्यात ३ लाख ३५ हजारांहून अधिक वापरकर्त्यांची नावे असलेली यादी कागदांच्या खोक्यांत भरून तिच्या कार्यालयात नेऊन दिली. जुलैमध्ये ड्रमरने अमेरिकी सिनेटच्या समितीपुढे साक्षही दिली. कायद्याच्या बाजूने पाहता बँडचे म्हणणे चुकीचे नव्हते, आणि पुढच्या वीस वर्षांत संगीताच्या धंद्याचे जे झाले ते पाहता तर मुळीच नव्हते; पण चाहत्यांच्या नजरेत तो श्रीमंतांचा किरकिरेपणा ठरला. २००१ च्या जुलैमध्ये तडजोड झाली, आणि त्याच महिन्यात गायक उपचारांसाठी दाखल झाला.

त्याआधीचा बेसवादकाचा राजीनामा हा, गायकाशिवाय संगीत करावे की नाही, या प्रश्नाचा पहिला अवतार होता. मोकळ्या वेळात त्याने मित्रांबरोबर एक वेगळा बँड उभा केला होता आणि त्याचा अल्बम काढायचा होता. गायकाने त्याला ठाम विरोध केला. बाहेर वाजवणे ही घराशी प्रतारणा आहे, अशा आशयाचे त्याचे बोलणे त्या काळच्या मुलाखतीत आले. त्याने स्वतः एका चित्रपटासाठी आणि दुसऱ्या एका बँडसाठी आवाज दिला होता, याकडे बेसवादकाने बोट दाखवले, पण त्याचा उपयोग झाला नाही. जाहीर निवेदनात वैयक्तिक कारणे आणि वर्षानुवर्षांच्या वादनाने शरीराची झालेली झीज यांचा उल्लेख होता. मानेच्या दुखण्याची तक्रार खरी होती, परंतु केवळ मानेसाठी कोणी असा बँड सोडत नाही. या तणावावर तोडगा म्हणून व्यवस्थापनाने महिना ४० हजार डॉलरवर एक ‘कामगिरी-प्रशिक्षक’ नेमला होता, ज्याने पूर्वी खेळाडूंच्या संघांबरोबर काम केले होते. बेसवादकाला ही कल्पनाच कमकुवतपणाची वाटली. तो गेला, प्रशिक्षक मात्र पुढची दोन वर्षे राहिला.

एप्रिल २००१ मध्ये उरलेले तिघे (गायक, ड्रमर आणि गिटारवादक) आणि त्यांच्या अल्बमचा निर्माता सॅन फ्रान्सिस्कोतील प्रेसिडिओ या जुन्या लष्करी तळावरील बराकीत तात्पुरता स्टुडिओ थाटून बसले. या वेळी कोणीही घरून तयार रिफ आणायचे नाहीत, जे सुचेल ते सर्वांनी एकत्र वाजवताना सुचावे, आणि शब्दही सर्वांनी मिळून लिहावेत, असे ठरले. बेस निर्माताच वाजवत होता. कागदावर ही लोकशाही होती, परंतु वीस वर्षे निर्णय घेण्याची सवय असलेल्या माणसांना ती तोंडी ठरावाने जमणार नव्हती. गायकाच्या शब्दांवर इतरांनी मत द्यावे हे त्याला सोसत नव्हते, आणि ड्रमवादनावर त्याने मत द्यावे हे ड्रमरला सोसत नव्हते. अशाच एका कुरबुरीनंतर गायक निघून गेला, आणि काही काळाने तो दारू आणि इतर व्यसनांवरील उपचारांसाठी दाखल झाल्याचे जाहीर झाले. बराकीतील ध्वनिमुद्रण तेथेच थांबले.

रॉकच्या इतिहासात अशा खंडानंतर परतलेले बँड आधीही होते. एरोस्मिथने सदस्य व्यसनमुक्त झाल्यावर १९८७ मध्ये नवा अल्बम काढून दुसरी खेळी सुरू केली. एसी/डीसीने १९८० मध्ये गायकाच्या मृत्यूनंतर काही महिन्यांतच नव्या गायकासह अल्बम आणला. पण त्या ठिकाणी संकट आधी होते आणि अल्बम नंतर. येथे संकट अल्बमच्या ऐन मध्यावर आले होते, आणि ते चित्रितही होत होते, कारण माहितीपट करणारी मंडळी कॅमेरे घेऊन खोलीतच बसली होती.

गायक २००१ च्या अखेरीस उपचार संपवून बाहेर आला आणि ध्वनिमुद्रण २००२ च्या वसंतात पुन्हा सुरू झाले, या वेळी सॅन राफेल येथील बँडच्या स्वतःच्या नव्या स्टुडिओत. परतताना त्याने एक अट आणली: तो दुपारी बारा ते चार एवढाच वेळ काम करील. बाकीचा दिवस उपचारांनंतरच्या दिनक्रमासाठी आणि घरासाठी. एवढ्यावर कोणाची हरकत असण्याचे कारण नव्हते, आणि फारशी नव्हतीही. खरा वाद अटीच्या दुसऱ्या भागावर झाला. आपण गेल्यानंतर इतरांनी मुद्रित झालेले ऐकत बसू नये, त्यावर चर्चा करू नये, काम पुढे रेटू नये, असे त्याचे म्हणणे होते.

बाजू दोन्हीकडे होती. गायकाच्या दृष्टीने ही जुन्या सवयींविरुद्धची तटबंदी होती. तो गेल्यावर बाकीचे तीन-चार जण रात्रीपर्यंत तेच तुकडे ऐकत राहिले तर दुसऱ्या दिवशी तो येईल तेव्हा मते पक्की झालेली असतील, आणि त्याच्या वाट्याला फक्त होकार किंवा भांडण एवढेच उरेल. दारू सुटलेल्या माणसाला ज्या परिस्थितींपासून दूर राहायला शिकवतात त्यांत ही नक्कीच मोडते. शिवाय चार तासांची मर्यादा त्याच्या कुटुंबाशी झालेल्या बांधिलकीचा भाग होती, आणि ती मोडली असती तर अल्बमच काय, बँडही टिकला नसता. या मुद्द्याला पुरेसे महत्त्व दिले जात नाही, कारण माहितीपटात वेळापत्रक पाळणारा माणूस हट्टी दिसतो आणि त्याची वाट पाहणारे समंजस दिसतात.

ड्रमरचा आक्षेप वेगळ्या जागी होता आणि तो सहज झटकता येण्यासारखा नाही. गायकाने वेळ कमी द्यावा हे त्याला मान्य होते. इतरांनी आपल्या मोकळ्या वेळात काय ऐकावे हे त्याने ठरवावे, हे मान्य नव्हते. उपचारांनी माणूस नियंत्रण सोडायला शिकतो असे म्हणायचे आणि अनुपस्थित राहूनही सर्वांवर नियंत्रण ठेवायचे, ही विसंगती त्याने गायकाच्या तोंडावर मांडली; माहितीपटातील त्या प्रसंगात त्याचा संयम सुटून तो गायकाच्या अगदी जवळ येऊन ओरडतो. वर्षभरापूर्वी बेसवादकाला घातलेली बंदी आणि हा नियम यांच्यात फारसा फरक नाही. तेव्हा बँडबाहेर संगीत करायचे नव्हते, आता बँडमध्येही गायकाशिवाय करायचे नव्हते. फरक इतकाच की पहिल्या वेळी ड्रमर बंदी घालणाऱ्यांच्या बाजूला बसला होता. बेसवादकाच्या नव्या बँडचा कार्यक्रम पाहून परतल्यावर तो खिन्न झालेला दिसतो, त्याचा अर्थ कदाचित इथे लागतो.

नियम पूर्णपणे पाळला गेला नाही आणि पूर्णपणे मोडलाही गेला नाही, पण कामाची पद्धत त्याच्याभोवती बेतली गेली. हजेरीच्या वेळेत सर्वांनी मिळून वाजवायचे, ते सगळे मुद्रित करायचे, आणि त्या लांबलचक वादनातून निवडलेले तुकडे संगणकावर जोडून गाणे उभे करायचे. अल्बमवरील ११ गाणी मिळून सुमारे ७५ मिनिटे भरतात आणि त्यांतील बरीच गाणी एकाच रिफाभोवती रेंगाळतात, त्याचे एक कारण हे आहे. तिघांच्या सहमतीची गरज असताना कापाकापी करायला कोणी धजत नाही. गिटारच्या तारा नेहमीपेक्षा बऱ्याच खाली उतरवलेल्या होत्या. स्नेअर ड्रमच्या खालच्या पडद्याला टेकणाऱ्या धातूच्या तारा सोडून दिल्याने त्याला पत्र्याच्या डब्यासारखा घुमणारा आवाज आला, जो आजही या अल्बमची निंदा करणाऱ्यांचे पहिले लक्ष्य असतो. गिटारचे सोलो, म्हणजे गाण्याच्या मध्ये येणारे एकट्या गिटारचे वादन, तर एकाही गाण्यात नाहीत. सोलो वगळल्याने अल्बम त्या काळाच्या फॅशनला बांधला जाईल, असा इशारा गिटारवादकाने तेव्हाच दिला होता, आणि त्याचे म्हणणे किती खरे होते हे कळायला पाच वर्षेही लागली नाहीत.

बेसवादकाची जागा फेब्रुवारी २००३ मध्ये भरली गेली. निवड झालेल्या वादकाला सामील होताच दहा लाख डॉलर आगाऊ देऊ करण्यात आले. १९८६ च्या भरतीची ही उशिरा केलेली भरपाई म्हणता येईल, जरी ती ज्याला मिळायला हवी होती त्याला मिळाली नाही. अल्बमवरील बेस तोवर निर्मात्याने वाजवून संपवला होता, म्हणून सर्व गाणी नव्या माणसासह तालमीच्या खोलीत वाजवून त्यांची डीव्हीडी अल्बमसोबत दिली गेली. १ मे २००३ रोजी सॅन क्वेंटिन तुरुंगात शीर्षकगीताच्या व्हिडिओसाठी बँड कैद्यांसमोर वाजवायला उभा राहिला. प्रकाशन १० जूनला ठरले होते, परंतु गाणी इंटरनेटवर फुटण्याच्या भीतीने ते ५ जूनवर आणले गेले. अल्बम अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर पोहोचला आणि शीर्षकगीताला २००४ मध्ये ग्रॅमी मिळाले. चाहत्यांमध्ये मात्र तेव्हा पडलेली फूट अजून बुजलेली नाही. २००४ च्या जानेवारीत माहितीपट प्रथम दाखवला गेला, आणि अल्बम न ऐकलेल्या लोकांनीही तो पाहिला.

पुढच्या अल्बमांत २००३ ची व्यवस्था टप्प्याटप्प्याने मोडीत निघाली. २००८ च्या ‘डेथ मॅग्नेटिक’साठी निर्माता बदलला, सोलो परतले, संगीताचे श्रेय चौघांचे राहिले, पण शब्द पुन्हा एकट्या गायकाचे झाले. त्या अल्बमवर आवाजाची पातळी इतकी चढवली गेली की ध्वनी फाटल्याची तक्रार झाली, पण हा वाद तंत्राचा होता, माणसांचा नव्हता. २००९ मध्ये क्लीव्हलंड येथील रॉकच्या सन्मानसोहळ्यात जुना बेसवादक नव्याच्या शेजारी उभा राहून वाजवून गेला. २०१६ च्या अल्बमवर तर गिटारवादकाचे रचनाकार म्हणून एकही नाव नाही. रिफ साठवलेला त्याचा फोन हरवला होता हे एक कारण सांगितले जाते, पण गायक आणि ड्रमर यांचा जुना शिरस्ता परत आला होता हेही खरेच.

सप्टेंबर २०१९ च्या अखेरीस गायक पुन्हा उपचारांसाठी दाखल झाला आणि ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंडचा दौरा पुढे ढकलला गेला. या वेळी निवेदन निघाले, तिकिटांचे पैसे परत झाले, आणि कोणताही कॅमेरा आत नव्हता. त्यानंतर काही महिन्यांतच महामारीने चौघांना चार घरांत बसवले. २०२० मध्ये त्यांनी एक जुने गाणे आपापल्या घरी वाजवून एकत्र जोडले, आणि नव्या अल्बमच्या कल्पनाही दुरूनच एकमेकांकडे जाऊ लागल्या. २००२ मध्ये ज्यावरून आरडाओरडा झाला होता ती गोष्ट, म्हणजे गायक खोलीत नसताना त्याच्या बँडचे संगीत घडणे, आता कोणी ठराव न करताच रोजची झाली होती. एप्रिल २०२२ मध्ये गिटारवादकाने स्वतःच्या नावाने पहिली स्वतंत्र ध्वनिमुद्रिका काढली, आणि ती बँडशी प्रतारणा आहे असे कोणी म्हटले नाही. त्याच वर्षी मे महिन्यात ब्राझीलमधील बेलो होरिझोंते येथे गायकाने मंचावरूनच, आपण म्हातारे झालो आहोत आणि आता आपल्याला वाजवता येणार नाही असे वाटून कार्यक्रमाआधी धास्ती वाटत होती, अशी कबुली दिली. इतर तिघांनी पुढे येऊन त्याला मिठी मारली.

१४ एप्रिल २०२३ रोजी आलेल्या ‘७२ सीझन्स’चे नाव माणसाच्या पहिल्या अठरा वर्षांवरून, वर्षाचे चार ऋतू या हिशेबाने, घेतले आहे, आणि शब्द गायकाच्याच बालपणाकडे वळलेले आहेत. त्यातील अनेक गाण्यांच्या श्रेयात गायक आणि ड्रमर यांच्या जोडीला गिटारवादकाचे किंवा बेसवादकाचे नाव आहे.