जुन्या वेबकॅमचा ड्रायव्हर इतका दुर्मिळ का झाला?

जुना स्वस्त वेबकॅम नव्या लॅपटॉपला जोडला की डिव्हाइस मॅनेजरमध्ये, म्हणजे विंडोजच्या उपकरणांच्या यादीत, पिवळा त्रिकोण उमटतो. कॅमेरा बहुधा धडधाकट असतो, पण त्याची भाषा समजणारं छोटं सॉफ्टवेअर, म्हणजेच ड्रायव्हर, त्या लॅपटॉपमध्ये नसतं.

या भाषेचं मूळ यूएसबीच्या अरुंद वाटेत आहे. कनेक्टिक्स कंपनीचा क्विककॅम हा वेबकॅम १९९४ मध्ये आला, तो करड्या रंगात ३२० बाय २४० पिक्सेलचं चित्र दाखवायचा. पुढे रंगीत ६४० बाय ४८०ची मागणी आली, पण यूएसबी १.१चा वेग होता सेकंदाला फक्त १२ मेगाबिट. एका पिक्सेलला १६ बिट धरले, तर सेकंदाला ३० चित्रं जशीच्या तशी पाठवायला १४७ मेगाबिट लागतात. म्हणून कॅमेऱ्यातली चिप चित्र दाबून पाठवायची आणि ड्रायव्हर ते कॉम्प्युटरवर उलगडायचा. दाबायची रीत ज्याची त्याची, काहींची तर पूर्ण गुप्त.

चिप बनवणारे मोजकेच होते, उदाहरणार्थ तैवानचे सोनिक्स आणि पिक्सआर्ट, बीजिंगचं व्हिमायक्रो. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात मिळणाऱ्या स्वस्त कॅमेऱ्यांच्या खोक्यांवर नावं मात्र असंख्य. सहा एलईडी, वायरवर त्यांचं बटण आणि आठ सेंटिमीटरची इवलीशी सीडी असा तो थाट. खोक्यावरचे भरमसाट मेगापिक्सेल सॉफ्टवेअरने फुगवलेले. ६४० बाय ४८०चा सेन्सर म्हणजे जेमतेम ०.३ मेगापिक्सेल. सीडी हरवली की ब्रँडच्या नावाने शोध सुरू होतो आणि तिथेच घोळ होतो, कारण त्याच मॉडेलच्या पुढच्या लॉटमध्ये चिप वेगळी असू शकते.

यावरचा उतारा २००३ मध्ये आला. यूएसबी व्हिडिओ क्लास, म्हणजे यूव्हीसी, हे सामाईक मानक ठरलं आणि २००४ च्या एक्सपी सर्व्हिस पॅक २ पासून विंडोजमध्येच त्याचा ड्रायव्हर आला. यूव्हीसी कॅमेऱ्याला वेगळा ड्रायव्हर लागतच नाही. त्याआधीच्या कॅमेऱ्यांची मात्र दुहेरी कोंडी झाली. ३२ बिटचे ड्रायव्हर ६४ बिट विंडोजवर चालत नाहीत, आणि व्हिस्टापासून ६४ बिट विंडोजने डिजिटल सही नसलेले कर्नल ड्रायव्हर, म्हणजे सिस्टिमच्या गाभ्यात चालणारे ड्रायव्हर, दारातच अडवले. विंडोज ११ ची तर ३२ बिट आवृत्तीच नाही.

या पोकळीत 'ड्रायव्हर अपडेटर'वाल्यांचं, म्हणजे हवा तो ड्रायव्हर शोधून देतो म्हणणाऱ्या प्रोग्रामवाल्यांचं दुकान थाटलं गेलं. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये वेबकॅमची मागणी एकदम वाढली, माळ्यावरचे कॅमेरेही खाली उतरले आणि या दुकानदारांचं फावलं. 'आधी अँटिव्हायरस बंद करा' अशी सूचना दिसली, की तिथून सरळ काढता पाय घ्यावा.

खरी ओळख हार्डवेअर आयडीत असते. डिव्हाइस मॅनेजरमध्ये कॅमेऱ्याच्या प्रॉपर्टीजमधला डिटेल्स टॅब उघडून, त्यात हार्डवेअर आयडी निवडून 'व्हीआयडी' (VID, म्हणजे बनवणाऱ्याचा क्रमांक) पुढचे चार अंक-अक्षरं पाहायची: ०एसी८ (0AC8) असेल तर व्हिमायक्रोच्या घराण्यातला, ०सी४५ (0C45) असेल तर सोनिक्सचा. हाच आयडी मायक्रोसॉफ्टच्या अपडेट कॅटलॉगमध्ये टाकून पाहावा. तिथे काही सापडलं नाही, तर विंडोजसाठी पुढे फारसं शोधू नये.

लिनक्स या मोफत ऑपरेटिंग सिस्टिमवाल्यांनी वेगळी वाट धरली. फ्रान्सच्या मिशेल झार यांनी सुरू केलेला जीएसपीसीए हा ड्रायव्हरचा प्रकल्प अशा डझनावारी चिपांना सामावून घेत गेला आणि २००८ मध्ये लिनक्सच्या गाभ्यात, २.६.२७ या कर्नलमध्ये, दाखल झाला. उबंटू या लिनक्सचा लाइव्ह पेनड्राइव्ह, म्हणजे इन्स्टॉल न करता थेट चालणारा, लावून पाहिला, तर हार्ड डिस्कला हात न लावता कळतं, की आपला कॅमेरा अजून चालतो की नाही.