कीरन टिअर्नी

टिअर्नी, कीरन : (५ जून १९९७). स्कॉटलंडचा फुटबॉलपटू, डाव्या बगलेचा बचावपटू. ग्लासगोचा सेल्टिक, लंडनचा आर्सेनल व स्पेनचा रेआल सोसिएदाद या क्लबांकडून आणि स्कॉटलंडच्या राष्ट्रीय संघातून खेळला. स्कॉटिश क्लबने विकलेला सर्वांत महागडा खेळाडू हा मान २०१९ मध्ये त्याला मिळाला. मात्र त्याच्याविषयीचे बोलणे बहुधा त्याच्या दुखापतींपाशी येऊन थांबते: घोटा, जबडा, जांघ, खांदा, गुडघा, पोटरी, मांडी. दुखापतींमुळे किती सामने हुकले याची मोजदाद क्रीडापानांवर नेहमी होते. पण त्याचे खरे नुकसान त्या आकड्यांत दिसत नाही. तो बरा होऊन परते तेव्हा त्याची जागा तिथे नसे. कधी तिथे दुसरा कोणी उभा असे, तर कधी त्या जागेचे कामच बदललेले असे.

जन्म आयल ऑफ मॅन बेटावरील डग्लस इथला. दहा महिन्यांचा असताना कुटुंब स्कॉटलंडला आले आणि तो ग्लासगोजवळच्या मदरवेल गावात वाढला. मदरवेल हे पोलादाचे गाव. तिथला रेव्हन्सक्रेगचा मोठा कारखाना १९९२ मध्ये बंद पडला, म्हणजे टिअर्नीच्या पिढीने भट्ट्या पाहिल्या नाहीत, त्यांच्याबद्दल नुसते ऐकले. मॅट बझ्बी आणि जॉक स्टाइन हे ब्रिटिश फुटबॉलचे दोन थोर व्यवस्थापक याच लॅनार्कशर परगण्यातल्या खाणकामगारांच्या वस्त्यांमधले. टिअर्नी सातव्या वर्षी सेल्टिकच्या बालसंघात दाखल झाला. घरचे सगळे सेल्टिकचे चाहते, तोही त्यातलाच. त्यामुळे पुढे मोठ्या संघात आल्यावर प्रेक्षकांनी त्याला ‘आपल्यातला पोरगा’ मानले, त्यात नवल नव्हते.

एप्रिल २०१५ मध्ये डंडी क्लबविरुद्ध बदली खेळाडू म्हणून तो प्रथम मैदानात उतरला. पुढच्याच हंगामात डाव्या बॅकची, म्हणजे डाव्या बगलेच्या बचावपटूची, जागा त्याने पक्की केली. २०१६, २०१७ व २०१८ अशी सलग तीन वर्षे स्कॉटलंडच्या व्यावसायिक खेळाडूंनी त्याला वर्षातला सर्वोत्तम युवा खेळाडू निवडले. २९ मार्च २०१६ रोजी डेन्मार्कविरुद्ध ग्लासगोच्या हॅम्पडन पार्क मैदानावर तो राष्ट्रीय संघातून पहिला सामना खेळला.

त्याचा खेळ कसा होता हे सांगितल्याशिवाय दुखापतींचा अर्थ लागत नाही. पूर्वीचा बॅक आपल्या गोलजवळ राही, समोरच्या विंगरला (कडेने चढाई करणाऱ्या खेळाडूला) अडवी आणि चेंडू मिळाला की पुढे भिरकावून देई. आताच्या बॅकला दोन्ही कामे करावी लागतात. आपला विंगर चेंडू घेऊन आत वळला की त्याच्या बाहेरून वळसा घालून थेट शेवटच्या रेषेपर्यंत धावायचे, तिथून क्रॉस (कडेवरून गोलसमोर दिलेला चेंडू) टाकायचा, आणि चेंडू हातचा गेला की तेवढेच अंतर उलटे पळत यायचे. टिअर्नी हे जवळजवळ आडदांडपणे करी. पाय आखडता घेणे त्याला माहीतच नव्हते. जी टॅकल सोडून देता आली असती तीही तो करी. क्रॉस टाकताना पूर्ण वेगात असे आणि चेंडू जमिनीलगत, कडक जाई. अशा खेळाची किंमत मांडी आणि जांघ मोजतात.

प्रशिक्षक ब्रेंडन रॉजर्सच्या हाताखाली सेल्टिकने २०१६-१७ मध्ये तिन्ही देशांतर्गत करंडक एकही सामना न हरता जिंकले. या हंगामातले दोनेक महिने टिअर्नी घोट्याच्या दुखापतीने बाहेर होता. २७ मे २०१७ ला अ‍ॅबर्डीनविरुद्ध स्कॉटिश चषकाची अंतिम लढत झाली. पहिल्या अर्ध्या तासातच प्रतिस्पर्ध्याच्या कोपराचा फटका त्याच्या तोंडावर बसला. दात हलले, तोंड रक्ताळले आणि त्याला रुग्णालयात न्यावे लागले. सेल्टिकच्या टॉम रॉगिचने भरपाईच्या वेळेत विजयी गोल केला. टिअर्नी मात्र करंडक उचलण्याच्या वेळेपर्यंत तोंड सुजलेल्या अवस्थेत हॅम्पडनला परत आला होता. दोन आठवड्यांनी, १० जूनला, त्याच मैदानावर इंग्लंडविरुद्धच्या २-२ बरोबरीत तो पहिल्या अकरात होता. याच सुमारास ‘हा लोखंडाचा आहे’ अशी त्याची ख्याती झाली. ती ख्याती त्याला पुढे जड गेली असावी, कारण लोखंडाच्या माणसाला विश्रांती द्यावी असे फारसे कोणाला सुचत नाही. २०१५ ते २०१९ या चार वर्षांत, वयाची बावीस वर्षे पुरी होण्याआधी, तो सेल्टिककडून १७० सामने खेळला. नोव्हेंबर २०१७ मध्ये अ‍ॅबर्डीन इथे नेदरलँड्सविरुद्ध त्याने विसाव्या वर्षी स्कॉटलंडचे कर्णधारपद सांभाळले.

२०१८-१९ मध्ये जांघेचे दुखणे सुरू झाले. धावताना, लाथ मारताना आणि दिशा बदलताना पोटाचे खालचे स्नायू आणि मांडीच्या आतले स्नायू जघनास्थीला दोन बाजूंनी ओढतात. फुटबॉलपटूंमध्ये हा सांधा झिजतो, सुजतो आणि विश्रांतीशिवाय शांत होत नाही. त्याच्या बाबतीत हे दुखणे हर्नियापर्यंत गेले आणि हंगामाच्या अखेरीस दोन्ही बाजूंची शस्त्रक्रिया झाली. त्यातून तो उठत असतानाच ८ ऑगस्ट २०१९ रोजी आर्सेनलने अडीच कोटी पौंडांना त्याला विकत घेतले.

लंडनमधले पहिले चार महिने म्हणजे एक चमत्कारिक प्रकरण. त्याला घेतले तेव्हा प्रशिक्षक उनाई एमरी होते. ९ डिसेंबर २०१९ ला वेस्ट हॅमविरुद्ध पहिल्याच सत्रात त्याचा उजवा खांदा निखळला तेव्हा तात्पुरता कारभार फ्रेडी ल्युंगबर्गकडे होता. शस्त्रक्रियेनंतर तो उभा राहिला तोवर मिकेल आर्तेता आले होते. करोनामुळे मार्चपासून स्पर्धा थांबल्या, ही त्याच्यासाठी इष्टापत्ती ठरली. इतरांचे सामने बुडत होते, त्याचा खांदा भरत होता. जूनमध्ये लीग पुन्हा सुरू झाली तेव्हा तो तयार होता. १ ऑगस्ट २०२० ला प्रेक्षकांविना झालेल्या इंग्लंडच्या एफए चषकाच्या अंतिम सामन्यात आर्सेनलने चेल्सीला २-१ असे हरवले. बरोबरीचा गोल पेनल्टीवर झाला आणि ती पेनल्टी मिळवून देणारा लांबलचक पास टिअर्नीचा होता. आर्तेतांनी त्याला तीन जणांच्या बचावफळीत डावीकडे ठेवले होते. तिथून त्याने मागच्या रेषेतून आघाडीपटू ओबामेयांगच्या धावेपुढे चेंडू टाकला.

आर्सेनलच्या चाहत्यांना तो चटकन आवडला. त्यात खेळाचा वाटा होता, तसा साधेपणाचाही. सामन्याला येताना सहकाऱ्यांच्या हातात महागड्या चामडी बॅगा असत, हा सुपरमार्केटच्या प्लास्टिक पिशवीत सामान घेऊन आला. ते छायाचित्र अजूनही फिरते. २ जानेवारी २०२१ रोजी वेस्ट ब्रॉमविचच्या मैदानावर बर्फ पडत होता, बाकीच्यांनी हातमोजे चढवले होते आणि टिअर्नी अर्ध्या बाह्यांत होता. त्या सामन्यात त्याने डावीकडून आत घुसत, बचावपटूला चकवत उजव्या पायाने वरच्या कोपऱ्यात गोल मारला. डावखुऱ्या बॅकच्या उजव्या पायाचा गोल म्हणून तो विशेष.

तीन महिन्यांनी, ३ एप्रिलला, लिव्हरपूलविरुद्ध गुडघ्याचे अस्थिबंध दुखावले. यानंतर एक ठरावीक चक्र सुरू होते: पुनरागमन, काही आठवडे उत्तम खेळ, पुन्हा बाहेर. जून २०२१ मध्ये, म्हणजे करोनामुळे वर्षभर लांबलेल्या युरो २०२० या युरोपीय देशांच्या स्पर्धेत, स्कॉटलंड १९९८ नंतर पहिल्यांदाच पुरुषांच्या मोठ्या स्पर्धेत उतरला होता. चेक प्रजासत्ताकाविरुद्धच्या सलामीला टिअर्नी पोटरीच्या दुखण्यामुळे नव्हता आणि संघ ०-२ हरला. चार दिवसांनी वेम्ब्लीवर तो परतला आणि इंग्लंडला ०-० रोखले गेले. एका खेळाडूमुळे एवढा फरक पडला असे म्हणणे धाडसाचे होईल, पण संघाची मांडणीच त्याच्याभोवती रचलेली होती हे खरे.

ती मांडणी समजून घेण्यासारखी आहे. स्कॉटलंडच्या नशिबी एकाच पिढीत दोन अव्वल डावे बॅक आले: टिअर्नी आणि लिव्हरपूलचा अँडी रॉबर्टसन. बाकी ठिकाणी चणचण आणि या एका जागेवर दाटी. आधीच्या प्रशिक्षकांनी टिअर्नीला उजवीकडे बसवून पाहिले, पण ते काही मनासारखे जमले नाही. स्टीव्ह क्लार्क यांनी मागे तीन बचावपटू ठेवून टिअर्नीला त्यांतला डावा केले आणि रॉबर्टसनला त्याच्यापुढे विंग-बॅक (कडेने पुढे-मागे धावणारा खेळाडू) म्हणून सोडले. बघणाऱ्याला मौज अशी की सेंटर-बॅक, म्हणजे मधला बचावपटू, म्हणवणारा हा माणूस संधी मिळताच पुढे सुटे. २८ मार्च २०२३ ला हॅम्पडनवर स्पेनविरुद्ध तो असाच निघाला, दानी कार्वाखालला मागे टाकून डाव्या कडेने धावत गेला आणि त्याच्या क्रॉसवरून स्कॉट मॅकटॉमिनेने दुसरा गोल केला. स्कॉटलंड २-० जिंकला. टिअर्नी नसला की क्लार्क यांना ही मांडणी दुसऱ्या कोणावर उभारावी लागे आणि तिची डावी बाजू लुळी पडे.

क्लबमध्ये मात्र त्याच्या पायाखालची जागा सरकत होती. एप्रिल २०२२ मध्ये सरावात गुडघा गेला, शस्त्रक्रिया झाली आणि हंगाम संपला. त्याच सुमारास आर्सेनल लागोपाठ तीन लीग सामने हरले आणि अखेरीस टॉटनहॅमपेक्षा दोन गुणांनी मागे, पाचव्या स्थानी राहिले. चॅम्पियन्स लीग ही युरोपातली सर्वोच्च क्लब स्पर्धा हुकली. जूनमध्ये युक्रेनविरुद्धची विश्वचषक पात्रता लढत स्कॉटलंड १-३ हरला, तेव्हाही टिअर्नी बाहेरच होता. मग आर्तेतांनी मँचेस्टर सिटीकडून डाव्या बॅकच्या जागेसाठी ओलेक्सांद्र झिंचेन्कोला आणले. झिंचेन्को चेंडू आपल्या संघाकडे असताना बगल सोडून मधोमध येई आणि जादाचा मिडफिल्डर होई. आर्सेनलचा नवा खेळ याच खुबीवर बेतलेला होता. टिअर्नीची सगळी ताकद कडेच्या पट्टीत. मधल्या गर्दीत पाठमोरे उभे राहून चेंडू फिरवणे त्याचा पिंड नव्हे. २०२२-२३ मध्ये तो बराचसा तंदुरुस्त होता, तरी बहुतेक वेळा बदली खेळाडू म्हणूनच उतरला. हंगामाच्या बऱ्याच भागात आर्सेनल लीगमध्ये अव्वल राहिले आणि त्या काळात तो बाकावरून बघत होता. ही जागा दुखापतीने नेली की डावपेचांनी, याचे उत्तर एका शब्दात देता येणार नाही. दुखापतीने त्याला दूर ठेवले, तेवढ्या वेळात डावपेच पुढे निघून गेले.

ऑगस्ट २०२३ मध्ये तो एका हंगामासाठी स्पेनच्या बास्क प्रदेशातील रेआल सोसिएदादकडे उसना गेला. तिथे दुखणे मांडीत उतरले. मराठी वाचकाला ‘हॅमस्ट्रिंग’ हा शब्द वेगवान गोलंदाजांमुळे परिचयाचा आहे. मांडीच्या मागे, बैठकीच्या हाडापासून गुडघ्याखालपर्यंत गेलेला हा तीन स्नायूंचा जुडगा. वेगात धावताना पाय पुढे फेकला जातो आणि जमिनीला टेकण्याच्या किंचित आधी हे स्नायू ताणलेल्या स्थितीत त्याला ब्रेक लावतात. बहुतेक वेळा फाटते ते त्याच क्षणी. फाटलेला भाग व्रणाने सांधतो, पण तो मूळच्या इतका लवचीक राहीलच असे नाही. म्हणून एकदा गेलेली हॅमस्ट्रिंग पुन्हा जाण्याचा धोका मोठा असतो. ज्याचा खेळ पूर्ण वेगाच्या धावांवर उभा आहे त्याने हळू धावावे हा सल्ला ऐकायला सोपा आहे.

१९ जून २०२४, कोलोन. युरो स्पर्धेत स्वित्झर्लंडविरुद्ध १-१ असताना, तासाभराच्या खेळानंतर तो मांडी धरून खाली बसला. त्याला स्ट्रेचरवरून नेले. स्कॉटलंडने पुढचा सामना हंगेरीविरुद्ध भरपाईच्या दहाव्या मिनिटाला गमावला आणि संघ घरी गेला. शस्त्रक्रियेनंतर टिअर्नी थेट डिसेंबरमध्ये क्रिस्टल पॅलेसविरुद्ध लीग चषकात खेळला. फेब्रुवारी २०२५ मध्ये सेल्टिकला परतण्याचा करार जाहीर झाला. २५ मे रोजी साउदॅम्प्टनला आर्सेनलकडून शेवटचा सामना खेळताना त्याने गोलही केला.

दुखापतींशी झुंजलेला तो सेल्टिकचा पहिला बचावपटू नव्हे. डॅनी मॅक्ग्रेनची १९७२ मध्ये कवटी फुटली, मग मधुमेह निघाला, मग घोट्यामुळे १९७८ चा विश्वचषक हुकला. तरी १९८२ च्या विश्वचषकात तो खेळला. जॉन केनेडी इतका सुदैवी नव्हता. ३१ मार्च २००४ रोजी रुमानियाविरुद्ध स्कॉटलंडकडून पदार्पणाच्याच सामन्यात त्याचा गुडघा मोडला आणि सव्विसाव्या वर्षी, २००९ मध्ये, त्याला निवृत्त व्हावे लागले. टिअर्नी सेल्टिकमध्ये पुढे आला तेव्हा हाच केनेडी तिथल्या प्रशिक्षकांच्या चमूत होता.

१८ नोव्हेंबर २०२५ रोजी हॅम्पडनवर डेन्मार्कविरुद्ध विश्वचषक पात्रतेचा शेवटचा सामना झाला. स्कॉटलंडला विजय हवा होता, डेन्मार्कला बरोबरी पुरणार होती. २-२ अशी स्थिती असताना भरपाईची वेळ सुरू झाली. बदली खेळाडू म्हणून आलेला अठ्ठावीस वर्षांचा टिअर्नी पेनल्टी क्षेत्राच्या बाहेर उभा होता. परतवलेला चेंडू त्याच्याकडे आला आणि डाव्या पायाने त्याने तो वळवत कोपऱ्यात घातला. नंतर केनी मॅक्लीनने जवळजवळ मैदानाच्या मध्यापासून चौथा गोल केला. स्कॉटलंड १९९८ नंतर प्रथमच पुरुषांच्या विश्वचषकाला पात्र ठरला. जवळजवळ दहा वर्षांपूर्वी टिअर्नी राष्ट्रीय संघातून पहिल्यांदा खेळला, तेव्हाही मैदान हेच होते आणि समोर डेन्मार्कच होता.