अभ्यासक्रम सर्वांना खुला: बडोद्यातली पार्श्वभूमी

बडोदा कॉलेज १८८१ साली सुरू झाले ते मुंबई विद्यापीठाशी संलग्न म्हणून. काय शिकायचे हे मुंबईत ठरे आणि विद्यापीठाच्या कॅलेंडरात, म्हणजे वार्षिक माहितीपुस्तकात, छापून येई: विषय, नेमलेली पुस्तके, परीक्षेचे नियम. छापील कॅलेंडरचा मोठा गुण हा की नवे आले तरी जुने कपाटात राहते. १९४९ मध्ये महाराजा सयाजीराव विद्यापीठ झाले, हंसाबेन मेहता पहिल्या कुलगुरू झाल्या आणि अभ्यासक्रम बडोद्यातच ठरू लागला.

२००५ च्या माहिती अधिकार कायद्याने चित्र पालटले. कलम ४ प्रमाणे सार्वजनिक संस्थेने आपली माहिती कोणी मागण्याची वाट न पाहता स्वतःहून प्रसिद्ध करायची असते. विद्यार्थ्याच्या दृष्टीने अभ्यासक्रमाइतकी महत्त्वाची माहिती दुसरी नाही. तरीही तो मिळाला नाही तर जन माहिती अधिकाऱ्याकडे अर्ज करावा. उत्तराची मुदत ३० दिवस. त्याआधी, २००१ मध्ये, अमेरिकेतल्या एमआयटीने अभ्यासक्रमासोबत व्याख्यानांच्या नोंदीही मोफत देण्याचे जाहीर केले होते.

खरी अडचण जुन्या आवृत्त्यांची आहे. श्रेयांक (क्रेडिट) पद्धत आली, मग २०२० चे शैक्षणिक धोरण आले. अभ्यासक्रम भराभर बदलले. संकेतस्थळावर नवी फाइल चढवताना जुनी काढून टाकली की एटीकेटीवाल्याला, म्हणजे राहिलेला विषय घेऊन पुढच्या वर्गात गेलेल्याला, आपला पेपर कशावर आहे ते कळत नाही, आणि दुसऱ्या विद्यापीठाने समकक्षतेसाठी मागितलेला त्या वर्षीचा अभ्यासक्रम सापडत नाही. नुसत्या स्कॅन केलेल्या पानांत शब्द शोधता येत नाहीत. मराठी, गुजराती विषयांचे हाल अधिक: युनिकोडपूर्व फाँटमध्ये (सर्व संगणकांना समान असे अक्षरांचे संकेत रूढ होण्याआधीच्या) टंकलेला मजकूर पडद्यावर नीट दिसतो, पण कॉपी केला की निरर्थक रोमन अक्षरे उमटतात.

म्हणून प्रत्येक फाइलवर विषयाचा कोड, श्रेयांक, घटकवार तपशील, संदर्भग्रंथ आणि कोणत्या वर्षीच्या प्रवेशापासून लागू हे असलेच पाहिजे. जुनी फाइल वर्षाच्या नावाने तिथेच ठेवावी. विद्यार्थ्याने प्रवेश घेतल्याबरोबर आपल्या तुकडीची प्रत उतरवून घ्यावी, आणि पुढे शिक्का लागणार असेल तर विभागाकडून प्रमाणित करून घ्यावी.