पिस्तोच्या कढईत कोण कधी आलं

स्पेनची राजधानी माद्रिदच्या दक्षिणेला ला मान्चा नावाचं कोरडं पठार आहे. उन्हाळ्यात रणरणतं ऊन, हिवाळ्यात कडाक्याची थंडी आणि नजर जाईल तिथवर द्राक्षमळे. उन्हाळा सरता सरता टोमॅटो आणि मिरच्यांचे ढीग लागतात, तेव्हा इथे घरोघरी पिस्तो शिजतो. टोमॅटो, ढोबळी मिरची, कांदा, वांगं, झुकिनी, मीठ आणि सढळ हाताने ऑलिव्ह तेल. मसाला जवळजवळ नाहीच. वर एक तळलेलं अंडं, सोबत पाव. नुसती यादी वाचली तर आपल्या मिक्स भाजीची मावसबहीण वाटते. पण सगळं एकदम टाकून झाकण ठेवलं, तर हाती पचपचीत, आंबट गाळ येतो. या भाजीत जिन्नसांपेक्षा क्रम महत्त्वाचा, आणि तो समजायला तिचा इतिहास थोडा उपयोगी पडतो.

‘पिस्तो’ हा शब्द मुळात भाजीचा नव्हताच. लॅटिनमध्ये ‘पिस्तुस’ म्हणजे कुटलेलं. संस्कृतातल्या ‘पिष्ट’चं तेच मूळ, म्हणजे शब्दाच्या नात्याने पिस्तो आणि आपलं पिठलं लांबचे भाऊबंद ठरतात. जुन्या स्पॅनिशमध्ये पिस्तो म्हणजे कोंबडीच्या मांसातून काढलेला कढत रस. ज्या आजाऱ्याला घास गिळवत नाही त्याला तो पाजायचे. बारीक चिरून एकत्र परतलेल्या भाज्यांना हे नाव नंतर चिकटलं. स्पॅनिश भाषेच्या अकादमीच्या कोशात आजही दोन्ही अर्थ आहेत, आणि भाजीच्या व्याख्येत मिरची, टोमॅटो, कांद्याच्या बरोबरीने अंडंही आहे.

भाजीचा वंश मात्र नावापेक्षा जुना, आणि त्याची सुरुवात वांग्यापासून होते. वांगं आपल्याकडून पश्चिमेला गेलं. संस्कृतातलं ‘वातिंगण’ फारसीत ‘बादिंगान’ झालं, अरबीत ‘अल-बादिंजान’, स्पॅनिशमध्ये ‘बेरेन्हेना’, पोर्तुगीजमध्ये ‘बेरिंजेला’. तोच पोर्तुगीज शब्द पुढे हिंदुस्थानात परत आला आणि इंग्रजी बोलणाऱ्यांच्या तोंडी ‘ब्रिंजल’ झाला. वांगं इथलंच, नाव तेवढं जग फिरून आलं.

बगदादचा खलिफा अल-मामून याचं बुरान हिच्याशी लग्न झालं ते इ. स. 825 च्या सुमारास. थाट इतका होता की तिच्या नावाने वांग्याचा एक पदार्थच ओळखला जाऊ लागला: ‘बुरानिय्या’. अफगाणिस्तानातली ‘बोरानी’ याच नावाची. तळलेल्या वांग्याचा हा पदार्थ अरबांबरोबर अल-अंदालुसला, म्हणजे मुस्लिम राजवटीतल्या स्पेनला पोचला. 12व्या शतकात दक्षिण स्पेनमधल्या सेव्हिया शहराच्या इब्न अल-अव्वामने शेतीवर मोठा ग्रंथ लिहिला, त्यात वांग्याची लागवडही आहे. बुरानिय्याचं स्पॅनिश रूप झालं ‘आल्बोरोनिया’. अंदालुसियात, म्हणजे स्पेनच्या दक्षिण भागात, ती आजही शिजते, फक्त आता वांग्याच्या जोडीला भोपळा, टोमॅटो आणि मिरची असते.

ख्रिस्ती राजवट आल्यावरही वांग्यावरचा मुसलमानी आणि ज्यू खाण्याचा शिक्का लवकर पुसला गेला नाही. सर्व्हान्तेसच्या ‘दोन किहोते’ या गाजलेल्या स्पॅनिश कादंबरीच्या 1615 साली आलेल्या दुसऱ्या भागात एक विनोद आहे. कथेच्या काल्पनिक अरब लेखकाचं नाव सिदे आमेते बेनेन्हेली. नायकाचा सेवक सान्चो पान्सा त्याचं ‘बेरेन्हेना’ करून टाकतो, म्हणजे सिदे आमेते वांगे! हे नाव मूराचं, म्हणजे मुसलमानाचं आहे असं सांगितल्यावर तो म्हणतो, असेल बुवा, मूरांना वांगी फार आवडतात असं ऐकून आहे. हे छापून आलं तेव्हा मोरिस्कोंना, म्हणजे बाटून ख्रिस्ती झालेल्या मुसलमानांच्या वंशजांना, देशाबाहेर काढण्याचं काम (1609 ते 1614) नुकतंच संपलं होतं. माणसं गेली, वांगं राहिलं.

इथवर कढईत टोमॅटो नाही, मिरचीही नाही. मिरची 1493 मध्ये कोलंबसाच्या पहिल्याच परतीच्या प्रवासात आली आणि फार लवकर रुळली. 16व्या शतकाच्या उत्तरार्धात सेव्हियाचा वैद्य मोनार्देस लिहितो की स्पेनमध्ये ती बागाबागांत लावलेली दिसते. टोमॅटोचं तसं झालं नाही. 1521 मध्ये मेक्सिको स्पॅनिशांच्या हाती पडल्यानंतर तो स्पेनला आला खरा, पण लोक बराच काळ त्याच्याकडे संशयानेच बघत होते. सेव्हियातल्या एका धर्मादाय रुग्णालयाच्या 1608 च्या हिशेबात काकडी-टोमॅटोची खरेदी सापडते, तीही सॅलडसाठी.

मग 1646 चं एक चित्र. सेव्हियाचा चित्रकार मुरीयो याने तिथल्या फ्रान्सिस्कन मठासाठी काढलेलं ‘देवदूतांचं स्वयंपाकघर’, आता पॅरिसच्या लुव्हरमध्ये असलेलं. मठाचा साधू समाधीत तरंगतो आहे आणि त्याचा स्वयंपाक देवदूत उरकताहेत: कोणी पाणी आणतंय, कोणी खलात काही कुटतंय. जमिनीवर दोन बाळदेवदूत भाज्यांपाशी बसलेत. त्या ढिगात वांगी आहेत, भोपळा आहे आणि लालबुंद टोमॅटो आहेत. जुन्या जगाचं वांगं आणि नव्या जगाचा टोमॅटो एकाच चुलीसमोर, आणि तेही मठात. पाककृती लिहून ठेवणाऱ्यांच्या आधी ही जोडी चित्रकाराने टिपली.

लेखी पुरावा गंमत म्हणजे इटलीतून येतो. नेपल्स तेव्हा स्पेनच्या ताब्यात होतं, आणि तिथल्या अँतोनियो लातिनीने आपल्या पाककृतींच्या पुस्तकात 1692 मध्ये टोमॅटोचं ‘स्पॅनिश पद्धतीचं’ सॉस छापलं: टोमॅटो निखाऱ्यावर भाजून, सोलून, बारीक चिरून त्यात कांदा, तेल, व्हिनेगर. टोमॅटोचं काय करायचं हे स्पेनकडून शिकायचं, अशी तेव्हाची समजूत त्यात दिसते.

राहिली झुकिनी. ती या कढईतली सगळ्यात नवी पाहुणी. तिचं कूळ अमेरिकेचं असलं तरी आजचं हिरवं लांबट रूप 19व्या शतकात इटलीत, मिलानच्या आसपास घडलं. त्याआधी स्पॅनिश लोक ‘कालाबासा’ म्हणत ते कोलंबसापूर्वी आपल्या दुधीच्याच जातीचं फळ होतं. म्हणून झुकिनी महाग पडत असेल तर बिनधास्त कोवळा दुधी घ्या. ती तडजोड नाही, उलट जुन्या वाटेवर परत जाणं आहे.

आता खुद्द ला मान्चाचं मत. तिथले जुने लोक सांगतात, खरा पिस्तो म्हणजे फक्त टोमॅटो आणि मिरची. वांगं-झुकिनी ही बाहेरच्यांची भर. त्या भागात वांगं नाही असं मुळीच नाही. आल्माग्रो गावची छोटी वांगी प्रसिद्ध आहेत, पण ती जातात लोणच्यात: व्हिनेगर, जिरं, लसूण, लाल मिरचीची पूड, आणि वांग्याच्या पोटात खोचलेली बडीशेपेची काडी. आमच्या मते दोन्ही पिस्तो खरे. मात्र टोमॅटो-मिरचीचा आधी करून बघावा, कारण त्यात लपायला जागा नसते. भाज्या वाढल्या की चुका झाकल्या जातात.

भाज्यांची यादी शतकागणिक बदलली, पण तेलात सावकाश परतून पाणी उडवायची रीत टिकली. स्पॅनिशमध्ये या परतण्याला ‘सोफ्रीतो’ म्हणतात, आणि पिस्तो म्हणजे थोडक्यात जेवणाइतका वाढवलेला सोफ्रीतो.

चार जणांसाठी: पिकलेले टोमॅटो 1 किलो, हिरव्या ढोबळ्या मिरच्या 2 आणि लाल 1 (मिळून 400 ग्रॅम), कांदे 2 मध्यम, भरताचं वांगं 300 ग्रॅम, झुकिनी किंवा सोललेला दुधी 300 ग्रॅम, लसूण 2 पाकळ्या, ऑलिव्ह तेल 100 मिली. भरल्या वांग्याची काटेरी वांगी नकोत, त्यांत बिया फार. तेल ‘एक्स्ट्रा व्हर्जिन’ घ्या, मध्यम आचेला ते व्यवस्थित टिकतं. ‘पोमेस’ लिहिलेलं तेल चोथ्यातून काढून शुद्ध केलेलं असतं, त्याला चव नसते, आणि या भाजीत तेल हाच मसाला आहे. खर्च वाचवायचा तर निम्मं सूर्यफुलाचं घाला. शेंगदाण्याचं नको, ते स्वतःचीच चव पुढे करतं.

वांग्याच्या दीड सेंटिमीटरच्या फोडींना चमचाभर मीठ चोळून अर्धा तास चाळणीत ठेवा. हे कडूपणा काढण्यासाठी नाही, हल्लीची वांगी फारशी कडू नसतात. वांग्याचा गर स्पंजासारखा हवेने भरलेला असतो आणि तसाच तेलात पडला की सगळं तेल पिऊन टाकतो. मिठाने पाणी सुटतं, गर बसतो. मग फोडी हातात घट्ट पिळा आणि भाजीत मीठ त्या हिशेबाने कमी घाला.

रुंद, जाड बुडाचं पातेलं घ्या. लोखंडी कढई नको, टोमॅटोच्या आंबटपणाने भाजीला लोखंडाची चव येते. तीन चमचे तेलात वांगं सात-आठ मिनिटं सोनेरी परतून काढा, मग चमचाभर तेलात झुकिनी तशीच. दोन्ही एकदम टाकली की पातेल्यात गर्दी होते, वाफ कोंडते आणि भाजी परतण्याऐवजी उकडते. उरलेल्या तेलात कांदा मंद आचेवर दहा मिनिटं. तो मऊ व्हावा, लाल नको. मग लसूण आणि मिरचीचे तुकडे, आणखी पंधरा ते वीस मिनिटं. आपली ढोबळी मिरची तिकडच्या लांब, पातळ सालीच्या मिरचीपेक्षा जाड असते, म्हणून वेळ जास्त. बोटाने दाबल्यावर तुकडा सहज चेपला पाहिजे.

टोमॅटो घालायचा तो त्यानंतरच. डाळ शिजायच्या आत चिंच घालू नये म्हणतात ना, तेच इथे. आंबटपणात भाजीचं पेक्टिन, म्हणजे तिला घट्ट धरून ठेवणारा घटक, विरघळत नाही, आणि अर्धवट शिजलेली मिरची मग तासभर उकळली तरी करकरीत राहते. टोमॅटो आडवे कापून खिसणीवर खिसा, साल हातात उरते. हा गर झाकण न ठेवता मध्यम आचेवर तीस-पस्तीस मिनिटं आटवा. खूण एकच: चमचा तळावरून ओढला की वाट क्षणभर तशीच राहते आणि कडेने तेल सुटतं. हायब्रिड टोमॅटोत पाणी कमी, लवकर आटतो. गावठी आंबट असेल तर अर्धा चमचा साखर घाला, तिकडेही घालतात. शेवटी परतलेलं वांगं आणि झुकिनी मिसळून पाचेक मिनिटं. हळद नाही, मोहरीची फोडणी नाही. फार वाटलं तर चिमूटभर भाजलेलं जिरं. ला मान्चातही भाजलेल्या मिरच्यांच्या ‘आसादीयो’त जिरं पडतंच.

अंडं वेगळं तळायचा कंटाळा असेल तर भाजीत डावाने चार खळगे करा, प्रत्येकात एक अंडं फोडा, मीठ भुरभुरवा आणि मंद आचेवर पाच मिनिटं झाका. पांढरं धरतं, पिवळं वाहतं राहतं. झाकणाचं काम या भाजीत एवढंच.