पोटनिवडणूक: शेवटचं वर्ष कुठल्या दिवसापासून मोजायचं?

विद्यमान आमदाराचं निधन झालं की सहा महिन्यांत पोटनिवडणूक लागणार, हे आता सगळे धरूनच चालतात. पण 1996 पर्यंत अशी मुदत कायद्यात नव्हतीच. त्या वर्षी लोकप्रतिनिधित्व कायदा, 1951 मध्ये कलम 151-अ आलं. त्यात सूट दोनच कारणांनी मिळते: उरलेला कार्यकाळ वर्षापेक्षा कमी असेल, किंवा वेळेत निवडणूक घेणं अवघड असल्याचं निवडणूक आयोगाने केंद्र सरकारशी सल्लामसलत करून प्रमाणित केलं असेल.

सहा महिने भरपूर वाटतात. प्रत्यक्षात अंधेरी पूर्वचे आमदार रमेश लटके 11 मे 2022 ला गेले आणि मतदान झालं 3 नोव्हेंबरला, मुदत संपायला जेमतेम आठवडा असताना. अधिसूचना निघाली की मात्र श्वास घ्यायला वेळ नसतो: अर्जांना सात दिवस, दुसऱ्या दिवशी छाननी, पुढच्या दोन दिवसांत माघार, त्यानंतर किमान चौदा दिवसांनी मतदान. लटके यांच्या पत्नी ऋतुजा मुंबई महापालिकेच्या नोकरीत होत्या आणि राजीनामा मंजूर होत नव्हता. अर्जाची शेवटची तारीख 14 ऑक्टोबर. 13 ला उच्च न्यायालयाने दुसऱ्या दिवशी सकाळी अकरापर्यंत मंजुरीचं पत्र द्यायचा आदेश दिला, तेव्हा कुठे अर्ज भरता आला. घरातला उमेदवार नोकरीत असेल, तर राजीनाम्याचं काम अधिसूचनेआधीच उरकायला हवं.

खरा घोळ त्या 'वर्षा'चा आहे. पुण्याचे खासदार गिरीश बापट 29 मार्च 2023 ला गेले. लोकसभेची मुदत जून 2024 पर्यंत होती, तरी निवडणूक लागली नाही. आयोगाची कारणं उच्च न्यायालयाला पटली नाहीत. डिसेंबरमध्ये त्याने तातडीने निवडणूक घ्यायला सांगितलं, जानेवारीत सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली.

अकोला पश्चिमला नेमकं उलट झालं. तिथले आमदार गोवर्धन शर्मा 3 नोव्हेंबर 2023 ला गेले, तेव्हा विधानसभेची मुदत वर्षापेक्षा तेवीस दिवसांनी जास्त होती. आयोगाने 26 एप्रिलचं मतदान जाहीरही केलं. पण नागपूर खंडपीठाने 26 मार्च 2024 ला ते रद्द केलं: नव्या आमदाराला मिळणारा काळ वर्षाहून कमी, म्हणून.

आमच्या मते मोजणी जागा रिक्त झाल्या दिवसापासूनच व्हावी. नाहीतर आयोगाला झालेला उशीरच वर्ष खातो आणि मतदारांचा हक्क जातो. अकोला पश्चिमला आमदार मिळाला तो थेट नोव्हेंबर 2024 च्या सार्वत्रिक निवडणुकीत.