सिगविन आणि वाइन : डीएलएल दोघांकडे, पण काम निराळं

विंडोजवर लिनक्सचे प्रोग्राम चालवायचे तर सिगविन, लिनक्सवर विंडोजचे चालवायचे तर वाइन, असं सोपं समीकरण बऱ्याच ठिकाणी वाचायला मिळतं. त्यातला दुसरा भाग बरोबर आहे. पहिला चुकीचा आहे आणि त्यापायी लोकांचे तासन्‌तास फुकट जातात. कुणीतरी लिनक्ससाठी तयार केलेली फाइल डाउनलोड करतो, सिगविनच्या टर्मिनलमध्ये चालवायला जातो आणि ‘एक्झेक फॉरमॅट एरर’ समोर येते. मग परमिशन तपासा, पाथ तपासा, सिगविन काढून पुन्हा टाका. यातल्या कशानेही काही होणार नसतं, कारण ते काम सिगविनने कधी अंगावर घेतलेलंच नाही.

सिगविनची सुरुवात १९९५ मध्ये सिग्नस सोल्यूशन्स या कंपनीत झाली. स्टीव्ह चेंबरलेन हा तिथला इंजिनिअर. जीएनयू या मुक्त सॉफ्टवेअर प्रकल्पाचे कंपायलर (सोर्स कोडचं मशीन कोडमध्ये रूपांतर करणारे प्रोग्राम) आणि बाकीची साधनं विंडोजवर आणायची होती, पण त्या साधनांचा सोर्स कोड युनिक्सच्या सवयींनी लिहिलेला. प्रत्येक प्रोग्राम विंडोजसाठी नव्याने लिहीत बसण्यापेक्षा युनिक्ससारखी फंक्शन्स देणारी एकच डीएलएल (अनेक प्रोग्रामांना मिळून वापरता येणारी फंक्शन्सची फाइल) तयार करायची आणि सगळे प्रोग्राम तिच्यावर विसंबून कंपाइल करायचे, हा त्यामागचा विचार. ती डीएलएल म्हणजे सिगविन१.डीएलएल. बाकीचं सिगविन, म्हणजे बॅश, ग्रेप, पर्ल वगैरे, तिच्या आधाराने उभं आहे.

म्हणजे सिगविनमधला प्रत्येक प्रोग्राम सोर्सपासून पुन्हा कंपाइल केलेला असतो आणि हाती येते ती विंडोजचीच ईएक्सई, म्हणजे थेट चालवता येणारी फाइल. खात्री करायची तर सिगविनमध्ये एलएस या साध्या प्रोग्रामवर एलडीडी (प्रोग्रामला कोणकोणत्या डीएलएल लागतात ते दाखवणारी कमांड) चालवून पाहा. यादीत एनटीडीएलएल, कर्नल३२, कर्नलबेस ही विंडोजची स्वतःची मंडळी दिसतात आणि त्यांच्यासोबत सिगविन१. लिनक्सची एकही फाइल तिथे नसते.

वाइनपुढचा प्रश्न याच्या उलट आणि माझ्या मते कितीतरी अवघड. तिथे सोर्स कोड नाहीच. ईएक्सई आहे तशी हातात पडते आणि ती बनवणाऱ्याने लिनक्सचा विचारही केलेला नसतो. त्या फाइलच्या इम्पोर्ट टेबलमध्ये लिहिलेलं असतं, की मला कर्नल३२ मधलं अमुक फंक्शन हवं, युझर३२ मधलं तमुक. वाइन त्याच नावांच्या, त्याच फंक्शन्सच्या डीएलएल स्वतः लिहून पुरवतं. हे काम १९९३ मध्ये सुरू झालं, १९९४ पासून अलेक्झांडर ज्युलियार ते सांभाळतात आणि १.० ही आवृत्ती यायला २००८ उजाडलं.

पंधरा वर्षं का लागली, याचं उत्तर दोघांतल्या खऱ्या फरकात आहे. सिगविनला सोर्स कोडच्या पातळीवर शब्द पाळायचा असतो, वाइनला मशीन कोडच्या पातळीवर. सोर्समध्ये ‘ओपन’ लिहिलंय ना, मग ते नाव आणि त्याचं वागणं जुळलं की झालं, आतली मांडणी सिगविनने आपल्या सोयीने करावी. ६४ बिट विंडोजमध्ये सी भाषेतला ‘लाँग’ ४ बाइटचा असतो, लिनक्सवर ८ बाइटचा. ६४ बिट सिगविनने सरळ ८ बाइटचा घेतला आणि ते खपून गेलं, कारण सगळं कंपायलरमधून नव्याने जाणार होतं. वाइनला ही मुभा नाही. ईएक्सईमध्ये ४ बाइट गृहीत धरून पत्ते आधीच कोरलेले आहेत. ६४ बिट विंडोजचा कोड फंक्शनची पहिली दोन आर्ग्युमेंट्स (त्याला दिलेली मूल्यं) प्रोसेसरमधल्या आरसीएक्स आणि आरडीएक्स या रजिस्टरांत ठेवतो, लिनक्सचा कोड आरडीआय आणि आरएसआयमध्ये. प्रत्येक स्ट्रक्चरमधली बाइटांची जागा, कागदोपत्री कुठेही नसलेलं वागणं, क्वचित विंडोजमधल्या चुकासुद्धा वाइनला जशाच्या तशा सांभाळाव्या लागतात, कारण कुठला ना कुठला प्रोग्राम त्यांच्यावर अवलंबून असतो.

हे किती टोकाला जातं पाहा. कॉपी रोखण्यासाठी काही प्रोग्राम डिस्कवरची डीएलएल आणि मेमरीतली डीएलएल सारखीच आहे ना, हे ताडून बघतात. वाइनच्या डीएलएल पूर्वी आतून लिनक्सच्या ईएलएफ पद्धतीच्या असायच्या, त्यामुळे अशा तपासणीत अडकायच्या. २०२० मध्ये आलेल्या ५.० मध्ये बहुतेक मॉड्यूल, म्हणजे या डीएलएल, विंडोजच्याच पीई पद्धतीने बांधायला घेतली आणि २०२३ च्या ८.० मध्ये ते रूपांतर पूर्ण झालं. आता लिनक्सशी थेट बोलावं लागणाऱ्या मॉड्यूलचे दोन भाग असतात. विंडोजकडे तोंड करून एनटीडीएलएल.डीएलएल, लिनक्सकडे तोंड करून एनटीडीएलएल.एसओ. दोन सिस्टिममधली सीमारेषा डोळ्यांनी पाहायची असेल तर ती या जोडीत दिसते.

सिगविनचं काम मात्र सोपं समजू नका. त्याची सगळ्यात अवघड जागा म्हणजे फोर्क. युनिक्समध्ये चालू प्रोसेसची (चालत असलेल्या प्रोग्रामची) हुबेहूब प्रत एका फंक्शनने निघते. विंडोजच्या नेहमीच्या एपीआयमध्ये, म्हणजे प्रोग्रामांना वापरायला दिलेल्या फंक्शन्समध्ये, तशी सोयच नाही. म्हणून सिगविन तोच प्रोग्राम नव्याने सुरू करतं, पण थांबलेल्या अवस्थेत, आणि मूळ प्रोसेसची मेमरी त्यात उतरवून मग पुढे जाऊ देतं. त्यासाठी प्रत्येक डीएलएल नव्या प्रोसेसमध्येही त्याच पत्त्यावर लोड व्हावी लागते. एखाद्या अँटीव्हायरसने आपली डीएलएल मध्येच घुसवून ती जागा अडवली की फोर्क फसतो. रीबेस नावाचं साधन डीएलएलना एकमेकींपासून वेगळे पत्ते नेमून देतं, ते या दुखण्यासाठीच. कंपाइल करण्याआधी सिस्टिम तपासणारी कॉन्फिगर स्क्रिप्ट सिगविनवर इतकी रेंगाळते तीही यामुळेच, कारण स्क्रिप्टमधल्या जवळजवळ प्रत्येक छोट्या कमांडला एक फोर्क लागतो.

डीएलएलची अदलाबदल हा आणखी एक गोंधळ. सिगविनमध्ये सिगविन१.डीएलएल एकच असावी. प्रोसेस एकमेकींशी शेअर्ड मेमरीतून बोलतात आणि एखादा प्रोग्राम आपली जुनी प्रत सोबत घेऊन आला की दोन्ही प्रती एकमेकींच्या आड येऊन प्रोग्राम अनाकलनीय वागू लागतात. वाइनमध्ये उलट, अदलाबदल हीच ताकद आहे. प्रत्येक डीएलएलसाठी वाइनची स्वतःची वापरायची की बाहेरून आणलेली, हे वाइन कॉन्फिगमध्ये ठरवता येतं. डीएक्सव्हीके हेच करतं. ते आपली डी३डी११.डीएलएल त्या जागी बसवतं आणि डायरेक्ट३डी या विंडोजच्या ग्राफिक्स व्यवस्थेकडची मागणी लिनक्सवरही चालणाऱ्या व्हल्कन या ग्राफिक्स व्यवस्थेकडे वळवतं. व्हॉल्व या गेम कंपनीने विंडोजचे गेम लिनक्सवर चालवण्यासाठी २०१८ मध्ये आणलेल्या प्रोटॉनमध्ये वाइन आणि डीएक्सव्हीके एकत्र येतात. पण म्हणून कुठल्यातरी साइटवरून सुट्या डीएलएल उचलून वाइनच्या फोल्डरमध्ये टाकत सुटू नये. नेमकी कोणती बदलायची आणि का, हे माहीत असेल तरच हात लावावा.

आरशातली जोडी लावायचीच असेल तर ती वेगळी लागते. सिगविनचा खरा जोडीदार वाइनच्या पोटातच आहे, विनलिब. विंडोजसाठी लिहिलेला सोर्स लिनक्सवर कंपाइल करायला ते मदत करतं. वाइनच्या जोडीला बसते ती डब्ल्यूएसएलची, म्हणजे विंडोजवर लिनक्सचे प्रोग्राम चालवण्याच्या मायक्रोसॉफ्टच्या सोयीची, २०१६ मधली पहिली आवृत्ती. लिनक्सची तयार फाइल आहे तशी चालवून तिचे सिस्टिम कॉल (कर्नलकडे, म्हणजे सिस्टिमच्या गाभ्याकडे केलेल्या मागण्या) विंडोज कर्नलमध्येच उलगडायचे, ही तिची रीत. दुसऱ्या आवृत्तीने तो नाद सोडला आणि व्हर्च्युअल मशीनमध्ये खरा लिनक्स कर्नलच चालवला.

हातातल्या फाइलचं काय करायचं हे कळत नसेल तर तिच्यावर ‘फाइल’ ही कमांड चालवा. ‘ईएलएफ’ असं उत्तर आलं आणि तुम्ही विंडोजवर असाल, तर सिगविन विसरा, डब्ल्यूएसएल घ्या. ‘पीई३२’ आलं आणि तुम्ही लिनक्सवर असाल, तर वाइन. सोर्सची टारबॉल (एकत्र बांधलेल्या फाइलींचा गठ्ठा) असेल तर सिगविनमध्ये कंपाइल करता येईल, पण आधी कोडमध्ये फोर्क शोधा. तो सापडला नाही आणि युनिक्सची बाकी खास फंक्शन्सही फारशी नसली, तर मिनजीडब्ल्यू या कंपायलर-संचाने थेट विंडोजसाठी बांधा. मग सिगविन१.डीएलएल सोबत द्यावीच लागत नाही.