‘सी’मध्ये इंट दोन बाइटचाच असतो?

‘पुस्तकात छापलंय, इंट (म्हणजे पूर्णांक साठवायचा प्रकार) दोन बाइटचाच’ असं सी ही प्रोग्रामिंगची भाषा शिकणारी मुलं आजही छातीठोकपणे सांगतात. हे अर्धवट आहे. अशी पुस्तकं बोरलँडच्या टर्बो सीवर बेतलेली. तो डॉस या जुन्या १६ बिटी ऑपरेटिंग सिस्टिमचा कंपायलर (प्रोग्राम यंत्राच्या भाषेत उतरवणारं साधन), म्हणून तिथे इंट दोन बाइटचा आणि ३२७६७ या त्यात मावणाऱ्या सर्वांत मोठ्या संख्येत १ मिळवला की उत्तर उणे ३२७६८! आजच्या लॅपटॉपवर जीसीसी या कंपायलरने हीच बेरीज करा, सरळ ३२७६८ येईल, कारण तिथे इंट चार बाइटचा. सीचं प्रमाणक (भाषेचे अधिकृत नियम) फक्त किमान मर्यादा घालून देतं, नेमका आकार कंपायलर ठरवतो.

मला वाईट याचं वाटतं, की पुस्तकातला प्रोग्राम जसाच्या तसा टाइप करूनही चालत नाही तेव्हा मुलांना वाटतं, आपल्यालाच जमत नाही. दोष त्यांचा नसतो.

म्हणून विकत घेण्याआधी पुस्तकातला पहिला प्रोग्राम बघा. वर ‘कोनिओ डॉट एच’, खाली ‘व्हॉइड मेन’ अशा टर्बो सीच्या काळातल्या खुणा दिसल्या की पुस्तक खाली ठेवा. मुखपृष्ठावरच्या ‘सुधारित आवृत्ती’वर जाऊ नका. फॉर लूपच्या कंसातच ‘इंट आय’ लिहिलेलं सापडलं, तर लेखक निदान १९९९ च्या प्रमाणकापर्यंत आलाय.